उभ्यानं ओलांडायची दरी

मे महिन्यात एका दिवाळी अंकाच्या संपादकांचा फोन आला. यंदा 'अद्भुत विशेष' काढतोय, चार हजार शब्दांची कथा द्या, जग संपूर्ण तुमच्या मनातलं हवं, आणि त्यात, हे त्यांचे शब्द, "एक जागा पाहिजे मॅडम, जबरदस्त. गूढ, जीवघेणी. वाचकानं रात्री दिवा लावून झोपलं पाहिजे." मजकूर गणपतीच्या आत. मानधनाचं नंतर बोलू. (ते 'नंतर' अजून आलेलं नाही, पण तो विषय वेगळा.)

मी आजवर लिहिलं ते सगळं घरातलं. सोसायटीचं पार्किंग, सासूबाईंचं ऐकू न येणं, बँकेतल्या रांगा. काल्पनिक जग म्हटल्यावर एकदम मोकळं रान मिळालं आणि मोकळ्या रानात वासरू करतं तेच मी केलं, शेपूट वर करून उधळले. चार दिवसांत 'मृत्युगर्ता' तयार. काळीकुट्ट दरी, तळाशी कवट्यांचा खच, धुक्यात लुकलुकणारे डोळे, वरून पाखरू उडत नाही. पाचव्या दिवशी वाचून पाहिलं तर जत्रेतल्या भुतांच्या तंबूवर रंगवलेलं चित्र समोर होतं. डोळ्यांची संख्या सोडली तर माझं त्यात काहीच नव्हतं.

खरी अडचण मात्र वेगळीच निघाली. इतक्या भयंकर जागेत जाईल कोण? आपल्याकडे घाटात दरड कोसळली की लोक गुमान दुसऱ्या घाटानं जातात. माझी मृत्युगर्ता लोकांनी अशीच टाळली असती, दोन पिढ्यांत वाटेवर गवत माजलं असतं आणि कथा दुसऱ्या पानावर आटोपली असती.

मग ओळखीच्या जागा आठवायला लागले. नाशिकला राहते, त्यामुळे सह्याद्री काही लांब नाही. हरिश्चंद्रगडचा कोकणकडा डोळ्यांसमोर आला. नुसता सरळसोट नव्हे, आतल्या बाजूला वळलेला कडा. खालून येणारा वारा असा की काठावरून भिरकावलेली टोपी परत अंगावर येते. नशीब असेल तर खालच्या धुक्यात गोल इंद्रधनुष्य दिसतं आणि त्याच्या मधोमध आपलीच सावली. त्याला इंद्रवज्र म्हणतात. मग निघोजचे रांजणखळगे आठवले. कुकडी नदीच्या पात्रात, पाण्यासोबत गरगरणाऱ्या दगडगोट्यांनी कातळात कोरलेले खोल रांजण. दोन्हींवर पाच-पाच पानं लिहून झाली आणि दोन्ही फाडली. वर्णन वाईट नव्हतं. पण या पाहायला जायच्या जागा. डबा घेऊन जावं, फोटो काढावेत, परत यावं. मला हवी होती जावंच लागतं अशी जागा.

आई शेजारी बसून मेथी निवडत होती. ती माझ्याकडेच राहते, वय सत्त्याहत्तर, गुडघे गेलेले, जीभ शाबूत. मी तिला मृत्युगर्तेचा पहिला परिच्छेद वाचून दाखवला. तिनं एक काडी मोडली आणि म्हणाली, "डोळे कशाला हवेत? तुझ्या मामाच्या आडाला कुठे डोळे होते?"

मामांचं गाव नगर जिल्ह्यात. मळ्यात एक जुना आड होता, पायऱ्या नसलेला, अरुंद, कित्येक वर्षं न उपसलेला. मी नऊ-दहा वर्षांची असताना एका उन्हाळ्यात त्यातला गाळ काढायचं ठरलं. दोन गडी कासोटे घालून तयार होते. मामांनी त्यांना थांबवलं, कंदील पेटवला आणि दोराला बांधून आत सोडला. आम्ही पोरं कठड्यावर पोटावर पडून बघत होतो. कंदील खाली खाली गेला, आडाच्या भिंतीवरचा उजेडाचा गोल लहान झाला आणि मग कुणीतरी चिमटीत धरून विझवावी तशी वात गेली. वारा नाही, आवाज नाही. मामांनी कंदील वर ओढला, काच पुसली, पुन्हा पेटवला, पुन्हा सोडला. पुन्हा त्याच ठिकाणी गेला. वीतभर वर नाही, वीतभर खाली नाही. मामांनी दोराला तिथं गाठ मारली आणि म्हणाले, "इथपर्यंतची हवा आपली. खालची तिची."

'तिची' म्हणजे कुणाची, हे कुणी विचारलं नाही.

मग लिंबाच्या डहाळ्यांचा मोठा भारा बांधून तो आडात वरखाली, वरखाली करत राहिले, बादल्यांनी पाणी ओतलं. दुपारपर्यंत कंदील तळापर्यंत जळत गेला, तेव्हा गडी उतरले. आज हे सांगताना माझ्या अंगावर काटा येतो, कारण नुसत्या ज्योतीवर भरवसा ठेवणं किती धोक्याचं ते मला आता कळतं. गाळातून मिथेन निघत असेल तर तीच ज्योत भडका उडवते, आणि काही विषारी वायू असे की दिवा नीट जळत राहतो, माणूस पडतो. जुन्या विहिरीत उतरायचं तर वायू मोजायचं यंत्र आणि हवा फेकणारा पंखा, दुसरा उपाय नाही. मामांचं त्या दिवशी निभावलं.

पण ती गाठ! हवेला काठ असतो, आणि तो दिसत नाही. मला माझी जागा मिळाली होती, फक्त आड रुंद करून त्याची दरी करायची होती. दरीच्या तळाशी न दिसणारं तळं, पाण्याचं नव्हे, हवेचं. मांडीपर्यंत उंच. चालत गेलात तर नाक वर राहतं, पलीकडे पोचता. बसलात तर बुडालात.

हे कागदावर खरं वाटतं की नाही ते बघायला मी माळ्यावरचा फिशटँक काढला. मासे मरून जमाना झाला होता. दोन फूट लांब, फूटभर रुंद, फूटभर उंच, म्हणजे साधारण ५६ लिटरचा. आत तीन पणत्या: एक तळाला, एक पालथ्या वाटीवर, एक चहाच्या डब्यावर. आडातल्या त्या खालच्या हवेच्या जागी घेतला कार्बन डायऑक्साइड, ज्योत विझवणारा जड वायू. १०० ग्रॅम खायच्या सोड्यातून खोलीच्या तापमानाला सुमारे २८ लिटर कार्बन डायऑक्साइड निघतो, म्हणजे टाकी हिशेबानं अर्धी भरायला हवी. त्यासाठी व्हिनेगर मात्र जवळजवळ दीड लिटर लागतं. पहिल्या खेपेला मी सोडा तळाशी पसरून सगळी बाटली एकदम ओतली. फेस उसळला आणि खालची पणती वायूनं नव्हे, फेसात बुडून विझली. आई दारातून म्हणाली, "लोणचं घालतेस की काय?"

दुसऱ्या खेपेला कोपऱ्यात पातेलं ठेवलं, सोडा त्यात आणि व्हिनेगर बारीक धारेनं. हा वायू हवेच्या सुमारे दीडपट जड, त्यामुळे पातेल्याच्या काठावरून तो पाण्यासारखाच खाली सांडत असणार. दिसलं अर्थातच काही नाही. तळाची पणती आधी लवंडल्यासारखी झाली, ज्योत वातीपासून उचलली गेली आणि संपली. मिनिटभरानं वाटीवरची. डब्यावरची मात्र शेवटपर्यंत ऐटीत जळत राहिली. आम्ही दोघी ओणव्या होऊन बघत होतो. आई म्हणाली, "म्हणजे उभा तो वाचला, बसला तो गेला." मग कमरेवर हात ठेवून सरळ होता होता म्हणाली, "मला नको नेऊस तिकडे. मला चार पावलांवर बसावं लागतं."

त्या वेळी मी हसले. त्या वाक्यात माझी अख्खी कथा होती हे कळायला दीड महिना लागला.

मधल्या काळात मी एका मैत्रिणीकडे गेले. ती कॉलेजात भूगर्भशास्त्र शिकवते आणि तिला कल्पनारम्य साहित्याबद्दल काडीचाही आदर नाही. माझी पानं वाचून तिनं विचारलं, "ही दरी सह्याद्रीतली ना? काळा कातळ, पायऱ्यापायऱ्यांचे कडे?" म्हटलं, सह्याद्रीसारखी, पण काल्पनिक. "काल्पनिक असू दे. हा बेसॉल्ट साडेसहा कोटी वर्षांपूर्वी निवून गेला. मग रोजच्या रोज इतका वायू सोडतंय कोण? तुझे मामा?"

मामांच्या आडात कुजलेल्या पाल्यानं हवा खराब झाली होती. एका आडाला तेवढं पुरतं, दरीला पुरत नाही. दरीला खालून, जमिनीच्या पोटातून पुरवठा हवा. मैत्रिणीनं चहा होईपर्यंत मला जगभर फिरवून आणलं. इटलीत नेपल्सजवळ एक 'कुत्र्याची गुहा' आहे. तिथले वाटाडे पूर्वी प्रवाशांना गंमत म्हणून कुत्रं आत न्यायचे. माणूस उभा राहायचा ठणठणीत, कुत्रं कोसळायचं. मग त्याला जवळच्या तळ्यात बुचकळून शुद्धीवर आणायचे. त्या कुत्र्यांच्या बाजूनं कुणीतरी लिहायला हवं. दुसरं कॅमेरूनमधलं न्योस सरोवर. तिथे वायू सरोवराच्या तळाच्या पाण्यात विरघळून साठत गेला होता. २१ ऑगस्ट १९८६ च्या रात्री तो एकदम उसळून बाहेर आला, खोऱ्यांमधून वाहत गेला आणि सतराशेच्या वर माणसं आणि हजारो गुरं जागच्या जागी गेली. पुढे २००१ मध्ये सरोवरात उभा पाइप सोडून तो वायू कारंज्यासारखा सतत थोडा थोडा बाहेर काढायची सोय केली.

माझ्या कामाचं ठरलं ते तिसरं ठिकाण. आजच्या तुर्कस्तानात पामुक्काले, शब्दशः 'कापसाचा किल्ला'. गरम झऱ्यांचं पाणी चुना सोडत सोडत उतरतं आणि डोंगरावर पांढऱ्याशुभ्र पायऱ्या बनतात. वर हिएरापोलिस हे प्राचीन शहर. शहराखालून जमिनीची भेग गेली आहे आणि त्या भेगेतून येणाऱ्या वायूच्या तोंडावर लोकांनी पाताळाच्या देवाचं ठाणं बांधलं होतं. दोन हजार वर्षांपूर्वी स्ट्राबो हा भूगोलकार तिथं गेला. आत नेलेले बैल पडून मरतात आणि पुजारी जिवंत बाहेर येतात, असं त्यानं लिहून ठेवलंय. त्यानं स्वतः चिमण्या आत टाकून पाहिल्या, त्या लगेच मेल्या. पुजारी श्वास रोखून धरतात हे त्याच्या लक्षात आलं होतं. पण बैलाचं नाक खाली आणि माणसाचं वर, हाही भाग होताच. हार्डी फान्झ या जर्मन शास्त्रज्ञानं आणि त्याच्या सहकाऱ्यांनी तिथल्या वायूची मोजमापं घेऊन २०१८ मध्ये प्रसिद्ध केली. रात्री वायूचा थर जमिनीलगत साचत जातो, पहाटे तो सगळ्यात जीवघेणा असतो आणि ऊन चढलं की विरत जातो.

घरी येऊन मी आधी दरीचा रंग बदलला. काळी होती ती पांढरी केली. चुन्याच्या पायऱ्या, मधूनमधून कोमट पाण्याचे ओघळ, दुपारच्या उन्हात डोळे दिपवणारी जागा. बघणाऱ्याला वाटावं, इथं चटई टाकून जेवायला बसावं.

पहाटेच्या त्या एका गोष्टीनं तर सगळं जगच उलटंपालटं झालं. आपल्या भाषेत पहाट म्हणजे पवित्र. काकडआरती, भूपाळ्या, ब्राह्ममुहूर्त, सडा-रांगोळी. आणि वाईट वेळ कोणती? भर दुपारी बारा, 'पिंपळाखाली जाऊ नको' म्हणतात ती. माझ्या दरीच्या काठी हे बरोबर उलटं असणार. तिथं पहाट ही मेलेली वेळ. कोंबडा आरवला की आया पोरांच्या तोंडावर पदर टाकणार. लग्नाचे मुहूर्त माध्यान्हीचे, बारशी माध्यान्हीची, आणि शिवी द्यायची तर "तुझी पहाट होवो". ही शिवी लिहिली त्या रात्री मला पहिल्यांदा वाटलं की हे जग आता माझ्याशिवायही चालेल.

दुसरं उलटं नमस्काराचं. जिथं वाकलं की मरण, तिथं वाकून नमस्कार कोण करणार? थोरामोठ्यांसमोर ताठ उभं राहायचं, हनुवटी वर. कुणासमोर वाकणं म्हणजे त्याचं वाईट चिंतणं. आई म्हणाली, "बरं आहे. लग्नाकार्यात निम्मा वेळ वाचेल."

दरीच्या तळाशी आधी मी कवट्या पसरल्या होत्या. आता त्या काढून काय ठेवायचं? उत्तर नियमातूनच आलं. हातातून पडलेलं उचलायचं नाही, 'पडलं ते तिचं'. म्हणजे शेकडो वर्षांत तळाशी जमलं असेल ते असं: पैंजण, नाणी, एका पायातली वहाण, लाकडी बाहुली, सुटलेली पानाची चंची. कोणी वाकत नाही. लहानपणी पडलेली आपलीच बाहुली माणूस आयुष्यभर जातायेता बघतो. कवट्यांपेक्षा हे मला जास्त झोंबलं.

लोक तिथं का जातात, याचंही उत्तर झालं. दोन्ही काठांवर एकच जमात, सोयरिकी एकमेकांत. दरीतून दोन घटकांची वाट, वळसा घालून गेलं तर नऊ दिवस. एवढं कारण बास. पोरांना खांद्यावर घ्यायचं, जत्रेत घेतात तसं. शेळ्या मानेवर. कुत्री कुणी पाळत नाही. गाई नेता येत नाहीत, म्हणून दोन्ही काठांच्या गाई वेगळ्या रंगाच्या. हा तपशील कथेत एका ओळीचा होता, पण तो सुचला तेव्हा मी स्वतःला दुसरा चहा बक्षीस दिला.

दरीतला थर रोज सारखा नसतो, तो मोजायचा कसा? इथं नाशिक कामाला आलं. गोदावरीला पूर आला की आम्ही सेंटिमीटर विचारत नाही, दुतोंड्या मारुती कुठपर्यंत बुडाला ते विचारतो. कमरेला पाणी, छातीला पाणी, तोंडाला पाणी. दरीतही मी एक दगडी बाई उभी केली. तिच्या घोट्याशी, गुडघ्याशी आणि कमरेशी एकेक कोनाडा, प्रत्येकात दिवा. वाटाड्या माध्यान्हीच्या आधी काठावरून बघणार. "आज गुडघ्याला आहे", म्हणजे चला. कमरेचा दिवा विझलेला दिसला की गाठोडी सोडायची आणि उद्याची वाट बघायची. पण हे दिवे पेटवतं कोण, असा प्रश्न मैत्रिणीनं विचारला. वाकायला तर बंदी! दोन दिवस डोकं खाजवून लांब काठीच्या टोकाला काकडा बांधून पेटवायची सोय केली आणि ते काम एका घराण्याला वंशपरंपरेनं देऊन टाकलं.

एक चूक मात्र तिसऱ्या खर्ड्यापर्यंत तशीच राहिली होती. दरीत बसलेल्याला 'गोड झोप लागते' असं मी लिहिलं होतं. ते कार्बन मोनॉक्साइडच्या बाबतीत खपलं असतं. बंद खोलीत शेगडी पेटवून झोपलेली माणसं कळायच्या आत जातात. कार्बन डायऑक्साइड तसा गपचूप येत नाही. तो थोडा वाढला तरी शरीराला कळतं, ऊर धपापतो, डोकं ठणकतं, तोंडात आंबट चव येते. एकदम दाट थरात सापडलात तर मात्र हे सगळं जाणवायलाही वेळ मिळत नाही. मी झोप काढून टाकली आणि धाप ठेवली. काठावरची माणसं त्या धापेला 'हाक आली' म्हणतात. हाक आली की मान वर, पाय उचल.

नावाचं लांबलं. मृत्युगर्तेनंतर श्वासहारिणी, निश्वासदरी, काळकुहर असली संस्कृताची वरात निघाली होती. पण धोक्याच्या जवळ राहणारी माणसं त्याला असं अलंकार घालून बोलावत नाहीत. रात्री साप म्हणायचा नाही, लांबडं म्हणायचं. गावात देवीची साथ आली तर 'आई आल्या' म्हणायचं. घाबरायचं ते नातं लावून. म्हणून दरीचं नाव झालं 'थोरली'. थोरलीतून आलो. आज थोरली गुडघ्याला आहे. नकाशावर परक्यांनी काहीही लिहो.

आता ते आईचं वाक्य. जुलैमध्ये तिला डॉक्टरांकडे नेलं होतं. जिना दोन मजल्यांचा, लिफ्ट बंद. ती पाचव्या पायरीवर बसली, दहाव्या पायरीवर बसली, आणि तिसऱ्यांदा बसताना माझ्याकडे बघून म्हणाली, "तुझ्या दरीत मी तीनदा मेले असते." आम्ही दोघी त्या जिन्यात हसत बसलो. मागून येणाऱ्यांना वाट देता देता माझ्या डोक्यात चक्र फिरलं. दोन घटका उभं राहवत नाही अशा वयात माणूस आला की त्याचं थोरली ओलांडणं संपतं. म्हणजे त्याच्या आधी केव्हातरी त्याला ठरवावं लागत असेल, उरलेलं आयुष्य कोणत्या काठावर काढायचं. ज्या काठावर राहिला तिथंच मरणार. दुसऱ्या काठावरची माणसं त्याला पुन्हा भेटतील ती त्यांचे पाय चालतात तोवरच.

याला मी 'कड धरणं' म्हटलं. म्हातारीनं अलीकडची कड धरली. आजोबांनी पलीकडची कड धरली, आजीनं अलीकडची, कारण तिची शेळ्यांची दावण इथं. कड धरायचा छोटासा विधी: माध्यान्हीला दरीच्या काठावर जायचं आणि सगळ्यांदेखत खाली बसायचं. आयुष्यभर दरीकडे तोंड करून कधीही न बसलेली बाई पहिल्यांदा तिथं बसते. गावजेवण होतं. कुणी रडत नाही. रडायचं ते दुसऱ्या काठावर.

कथेची नायिका अर्थातच अशी एक बाई झाली. लेक पलीकडे दिलेली, मुलगा अलीकडे. तिची अजून एक खेप शिल्लक आहे, जाण्याची किंवा येण्याची. एवढंच कथानक. सात हजार शब्द झाले.

संपादकांचा फोन आला. "मॅडम, भाषा सुंदर. पण राक्षस कुठे आहे?"

"राक्षस नाही. वायू आहे."

"वायू दिसत नाही ना मॅडम."

"तेच तर."

मग त्यांनी सुचवलं की शेवटी दरी फुटावी, वायू उसळावा, दोन्ही गावं गडप व्हावीत. "धमाका होईल." हा मोह मला न्योसचं ऐकलं तेव्हाच होऊन गेला होता. पण जिथं खरोखर सतराशे माणसं एका रात्रीत गेली, त्याचा उपयोग मी शेवटच्या पानावर टाळ्या घ्यायला करणार नव्हते. शिवाय माझी म्हातारी दरी फुटण्याची वाट बघत नव्हती, गुडघ्यांचा अंदाज घेत होती. तडजोड अशी झाली की धमाका नाही, पण शब्द साडेचार हजार. गाई गेल्या. दिवे लावणारं घराणं गेलं. पहाटेची शिवी मी भांडून राखली.

अंक धनत्रयोदशीला आला. कथेला पूर्ण पानाचं रंगीत चित्र होतं, चित्रकारानं मनापासून काढलेलं. पांढऱ्या चुन्याच्या पायऱ्या, वर निळं आभाळ, दगडी बाई, तळाशी विखुरलेले पैंजण आणि बाहुली, सगळं मजकुरातलंच. मधोमध माझी म्हातारी. लुगड्याचा पदर डोक्यावरून, नजर पलीकडच्या काठावर. मला भरून आलं. मी अंक आईच्या हातात दिला.

तिनं चष्मा लावला, चित्र उजेडाकडे धरलं, बराच वेळ बघितलं.

"अगं, ही बसलीय की," ती म्हणाली. "मेली मग ही."